एमी टॅनचं 'द बोनसेटर्स डॉटर': नुसता मधला भाग वाचावा की सगळं?

कापूसकोंडी

नमस्कार मंडळी. आमच्या वाचनकट्ट्यात (म्हणजे चार बायका, एक व्हॉट्सॅप ग्रुप आणि भरपूर चहा) यावेळी एमी टॅनचं 'द बोनसेटर्स डॉटर' घेतलंय. २००१ चं पुस्तक आहे, त्यामुळे इथे बऱ्याच जणांचं वाचून झालं असणार. ज्यांचं नाही झालं त्यांच्यासाठी थोडक्यात: सॅन फ्रान्सिस्कोत रूथ नावाची बाई आहे, लोकांच्या नावावर छापली जाणारी 'जीवन कसं सुधारावं' छापाची पुस्तकं लिहून देणं हा तिचा धंदा. तिची आई लूलिंग, चिनी, हट्टी, घालूनपाडून बोलणारी, आणि आता विसरायला लागलेली. या आईने आपली सगळी हकिकत चिनीत लिहून ठेवलीये आणि रूथला चिनी धड वाचता येत नाही. शेवटी ती मिस्टर टँग नावाच्या गृहस्थांकडून त्याचं भाषांतर करून घेते. पुस्तकाचा मधला अख्खा भाग म्हणजे ते बाड. पेकिंगजवळचं एक खेडं, शाई बनवणारं लिऊ घराणं, लूलिंगला सांभाळणारी मुकी दाई प्रेशस आंटी, जपानी आक्रमण, अनाथाश्रम, हाँगकाँग आणि मग अमेरिका.

तर भांडण असं झालंय की कट्ट्यातल्या दोघींनी रूथचा भाग सरळ उडवला. थेट चीनवर उडी. वर म्हणतात की चीन भारी आहे, अमेरिका काय, बाईचं बॉयफ्रेंडशी पटत नाही एवढंच. मला हे अजिबात पटलेलं नाही पण तिथे दोन विरुद्ध दोन झालंय म्हणून इथे आलेय. दोन काळांतल्या अशा कादंबऱ्या तुम्ही कशा वाचता? ओळीने, की आधी एक काळ संपवून मग दुसरा?

खाली स्पॉयलर येणारच आहेत, ज्यांना नकोत त्यांनी इथूनच वळावं.

चहाबाज

उडवणाऱ्या पार्टीत मला पण घ्या. या प्रकारच्या कादंबऱ्यांचं ठरलेलंच असतं हो. आजच्या काळात एक थकलेली बाई, माळ्यावर सापडलेली ट्रंक, ट्रंकेत पत्रं. जुन्या काळात युद्ध, उपासमार, प्रेम, खून. लेखकाचा जीव जुन्या काळात अडकलेला असतो आणि आजचा काळ हा नुसता दरवाजा असतो, वाचकाला आत न्यायला. मग दरवाज्यात किती वेळ उभं राहायचं माणसाने? त्यात तो आर्ट, रूथचा पार्टनर. इतकी वर्षं एकत्र राहतात, त्याच्या दोन मुलींचं सगळं ही करते आणि हा कायम आपल्याच तंद्रीत. मी ओळीने वाचायचा प्रामाणिक प्रयत्न केला आणि दातांच्या डॉक्टरच्या अपॉइंटमेंटा नि किराणा सुरू झाल्यावर नाद सोडला.

रानमोगरा

चहाबाज, हसून हसून पुरेवाट झाली, पण तुम्ही नेमकं सगळ्यात भारी ठिकाण गमावलंत.

रूथ आईला डॉक्टरकडे नेते तो प्रसंग आठवतोय का कोणाला? डॉक्टर नेहमीचे प्रश्न विचारतात, जन्म कधीचा वगैरे, आणि लूलिंग १९१६ सांगते. रूथला माहिती असलेलं साल १९२१. झालं, रूथच्या पोटात गोळा, आईला स्वतःचं वयसुद्धा आठवत नाही. आपणही मान डोलावतो, कारण ही बाई त्याच झटक्यात ओ. जे. सिम्पसनने खून केला तेव्हा आपण तिथे हजर होतो असं पण सांगते. आता मधला भाग वाचून पुढे या. १९१६ च खरं आहे! पाच वर्षांची खोट कागदपत्रांत होती, तिच्या डोक्यात नाही. म्हणजे जिला आपण भ्रमिष्ट ठरवलं ती त्या क्षणी आयुष्यात पहिल्यांदा सरकारी खोटं बाजूला ठेवून खरं बोलत होती आणि ते ऐकून घरच्यांनी निदान पक्कं केलं.

चीनचा भाग सुटा वाचलात तर १९१६ हा नुसता आकडा आहे. त्याचा चटका बसतो कारण तुम्ही आधी त्या डॉक्टरच्या खोलीत बसून आलेला असता.

चहाबाज

हे मान्य, हे मला दिसलंच नव्हतं कारण मी तिथवर थांबलोच नव्हतो ना :) पण एका प्रसंगासाठी एवढं दळण?

पिंपळपार

वादात मी नंतर पडतो, आधी थोडा इतिहास कारण त्याशिवाय मधला भाग अर्धाच कळतो.

लूलिंगचं 'इम्मॉर्टल हार्ट' हे गाव कादंबरीतलं, पण त्याच्या शेजारचं झोउकोउदियान अगदी खरं. बीजिंगच्या (म्हणजे जुन्या पेकिंगच्या) नैऋत्येला साधारण पन्नास किलोमीटरवर. तिथल्या टेकडीला लोक ड्रॅगनच्या हाडांची टेकडी म्हणायचे, कारण गावकरी पिढ्यानपिढ्या तिथली जुनी हाडं खणून औषधाच्या दुकानांना विकायचे, ती कुटून काढ्यात घालत. या हाडांच्या मागावर आधी युरोपियन भूवैज्ञानिक आले, मग १९२० च्या दशकात पद्धतशीर खोदकाम सुरू झालं. पैसा रॉकफेलर फाउंडेशनचा, शास्त्रीय बाजू पेकिंगच्या मेडिकल कॉलेजातल्या डेव्हिडसन ब्लॅक नावाच्या कॅनडियन शरीरशास्त्रज्ञाकडे. १९२९ च्या डिसेंबरात पेइ वेनझोंग या तरुण चिनी संशोधकाला गुहेत कवटीचा वरचा भाग मिळाला आणि 'पेकिंग मॅन' (लाखो वर्षांपूर्वीचा आदिमानव) जगभर गाजला. दुर्दैव असं की युद्ध पेटल्यावर हे सगळे अवशेष अमेरिकेला सुरक्षित हलवायचं ठरलं आणि १९४१ च्या डिसेंबरात, पर्ल हार्बरच्या त्या गोंधळात, ते गायब झाले ते आजतागायत. साचे उरलेत फक्त. जागा १९८७ पासून जागतिक वारसा यादीत आहे.

आता कादंबरीत याचा वापर बघा. प्रेशस आंटी ही हाडवैद्याची मुलगी, तिच्या घराण्याला हाडांची एक गुप्त गुहा माहिती असते. तोवर ती गुहा म्हणजे काढ्यापुरता माल. पेकिंग मॅनची बातमी आली की एकदम तीच हाडं सोन्याच्या भावाची होतात आणि शवपेट्या बनवणारा तो चांग लूलिंगला सून करून घ्यायला तयार होतो, पोरीसाठी नव्हे तर गुहेच्या पत्त्यासाठी. पुढची सगळी वाताहत त्या सोयरिकीतून. इतिहासाच्या पुस्तकात जो शोध म्हणून येतो तो एका घरात संकट म्हणून कसा शिरतो हे टॅनबाईंनी फार नेमकं पकडलंय.

जाता जाता, ड्रॅगनची हाडं आणि ऑरॅकल बोन्स यांत वाचताना गल्लत होते बऱ्याच जणांची. पहिली म्हणजे जीवाश्म. दुसरी म्हणजे शांग राजवटीतली, तीन हजारांहून जास्त वर्षांपूर्वीची, बैलाच्या खांद्याची हाडं नि कासवाच्या पोटाकडची कवचं. त्यांना उष्णता द्यायची, तडे जायचे, त्या तड्यांवरून राजा कौल घ्यायचा आणि प्रश्न तिथेच कोरून ठेवायचा. १८९९ च्या सुमारास वांग यिरोंग या विद्वानाने त्यावरची अक्षरं ओळखली. तोपर्यंत ही पण औषध म्हणूनच कुटली जात होती. किती कौल लोकांच्या पोटात गेले असतील देव जाणे. लूलिंगजवळ असतं ते या दुसऱ्या जातीचं हाड, आणि अमेरिकेच्या तिकिटासाठी ती तेच विकते.

ढगफुटी

पिंपळपार काका, वाचनखूण साठवली आहे. असे प्रतिसाद यावेत म्हणून तर इथे येतो.

खडूस_आजोबा

मला हे पुस्तक आवडलं नाही, सांगूनच टाकतो. भुतं, शाप, आत्महत्या, लग्नाच्या दिवशी नवरदेवाचा मृत्यू, तोंड भाजलेली मुकी दाई, अफूबाज नवरा. चिनी घर म्हटलं की अमेरिकन वाचकाला जे जे हवं ते सगळं ताटात वाढलंय. आणि हे माझं एकट्याचं नाही, फ्रँक चिन हा चिनी-अमेरिकन लेखक टॅनबाईंवर वर्षानुवर्षं हाच आरोप करत आलाय की या चिनी संस्कृती गोऱ्यांच्या सोयीने रंगवून विकतात. आपल्याकडे एखाद्या परदेशस्थ लेखकाने साप, सती आणि साधू यांची मोळी बांधून कादंबरी छापली की आपण किती चिडतो! मग चीनच्या बाबतीत मात्र आपण गोरे वाचक का होतो?

चीन समजून घ्यायचा तर युंग चांगचं 'वाइल्ड स्वॉन्स' वाचा. १९९१ चं. आजी, आई, मुलगी, तीन पिढ्या, आणि कादंबरी नाही, खरंखुरं. आजी युद्धखोर सरदाराची रखेल, आई कम्युनिस्ट कार्यकर्ती, मुलगी माओच्या सांस्कृतिक क्रांतीत रेड गार्ड (त्याच्या तरुण कार्यकर्त्यांपैकी एक). दोन काळांची कसरत नाही, सरळ पुढे पुढे जातं.

कापूसकोंडी

आजोबा, 'वाइल्ड स्वॉन्स' जबरदस्तच, त्यावर वाद नाही. पण तुमच्या मोळीच्या मुद्द्यावर जरा थांबा. टॅनच्या स्वतःच्या आजीने खरंच अफू खाऊन जीव दिला होता, तिच्या आईसमोर. आईला शेवटी अल्झायमर झाला, १९९९ मध्ये ती गेली. आणि आपल्या आईचं नि आजीचं खरं नाव आपल्याला आई गेली त्या दिवशी कळलं असं टॅनने या पुस्तकाच्या सुरुवातीलाच लिहिलंय. म्हणजे शवपेटीवाला चांग रचलेला असेल, पण आत्महत्या ही काही तिने पर्यटकांसाठी मांडलेली वस्तू नाही. घरात होती ती.

आणि भुतांबद्दल. ते भूत अमेरिकेत काय करतं ते बघा ना. लहानपणी रूथचा हात मोडतो, ती बोलायचं बंद करते, म्हणून तिला वाळू भरलेल्या ट्रेमध्ये लिहायला देतात. आई समजते की प्रेशस आंटीच पोरीच्या हातून लिहितेय. मग आई त्या भुताला काय विचारते? शेअर कुठले घेऊ! एवढीशी पोर धडधडत्या छातीने काहीतरी उत्तर लिहिते. याला तुम्ही गूढ चिनी वातावरण म्हणाल? मला तर हे घरोघरचं वाटलं, पोरीला आईचं भलतंच ओझं एकटीने उचलायला लागणं.

खडूस_आजोबा

शेअरचा प्रसंग चांगला आहे, तेवढं देतो.

सनीवेलकर

मी सॅन फ्रान्सिस्कोजवळ बे एरियात राहतो म्हणून अमेरिकेच्या बाजूने चार ओळी, कारण रानमोगरांनी जी पाच वर्षांची खोट सांगितली तिच्या मागे मोठा इतिहास आहे.

१८८२ मध्ये अमेरिकेने कायदा करून चिनी मजुरांना दारं बंद केली. पुढे १९०६ च्या भूकंपात नि आगीत सॅन फ्रान्सिस्कोची सरकारी दप्तरं जळाली आणि लोकांना एक फट मिळाली. इथे असलेले चिनी लोक सांगायला लागले की आमचा जन्म इथलाच, नोंद जळाली. नागरिक झालं की चीनमधल्या मुलांना आणता यायचं, मग जी मुलं नव्हतीच त्यांच्या नावाच्या जागा विकल्या जायच्या. अशांना 'पेपर सन' म्हणायचे. म्हणून १९१० ते १९४० या काळात सॅन फ्रान्सिस्कोच्या खाडीतल्या एंजल आयलंड बेटावर येणाऱ्यांची उलटतपासणी चालायची, तुमच्या घराला पायऱ्या किती, विहीर कुठल्या बाजूला, शेजारी कोण, आणि कागदावरच्या बापाचं उत्तर जुळलं नाही तर परत पाठवणी. लोक उत्तरं पाठ करून यायचे. बेटावर फेरीने जाता येतं, भिंतींवर त्या लोकांनी चिनीत कोरलेल्या कविता अजून आहेत. बंदीचा कायदा १९४३ मध्ये उठला, पण वर्षाला कोटा किती दिला? १०५ माणसं. संपूर्ण चिनी वंशाला मिळून.

लूलिंग या सगळ्याच्या नंतर येते, ती पेपर सनच्या प्रकारातली नाही. पण कागदावरचं माणूस वेगळं आणि खरं वेगळं, आणि पोरांना दोन्हीतलं फक्त कागदावरचं माहीत, हे त्या पिढीत अनेक घरांत होतं. आमच्या ओळखीतल्या एका चिनी बाईंना आजोबांचं खरं आडनाव आजोबा वारल्यावर कळलं. त्यामुळे अमेरिकेचा भाग म्हणजे बॉयफ्रेंड नि किराणा एवढाच वाटत असेल तर हे डोक्यात ठेवून परत वाचून बघा, गंमत बदलते.

रानमोगरा

सनीवेलकर, मस्त प्रतिसाद. विहीर कुठल्या बाजूला! मला आमच्या स्वतःच्या घराच्या पायऱ्या सांगता यायच्या नाहीत.

घाटावरची_सून

नवीन वाचकाचा भाबडा प्रश्न. नावं कशी लक्षात ठेवता? लूलिंग, गाओलिंग, काय जिंग, फू नान, आणि एकाच गावाला दोन नावं, कधी पेकिंग कधी बीजिंग. मी दहा पानं पुढे आणि आठ पानं मागे अशी चाललेय.

पिंपळपार

सूनबाई, पहिल्याच पानाच्या कोऱ्या बाजूला पेन्सिलीने घराणं काढा. लायब्ररीचं असेल तर चिठ्ठीवर. या पुस्तकात खरं तर पाच-सहाच माणसं धरून ठेवायची आहेत. आणि साल लिहीत जा समासात, निदान तीन खुंट्या ठोका: १९११-१२ ला राजेशाही गेली, १९३७ च्या जुलैत पेकिंगजवळच्या मार्को पोलो पुलावर चकमक होऊन जपानशी पूर्ण युद्ध पेटलं, १९४९ ला कम्युनिस्ट सत्तेवर आले. लूलिंगची सगळी जवानी दुसऱ्या आणि तिसऱ्या खुंटीच्या मध्ये आणि जरा आधी आहे. एकदा हे केलं की कोण कधी कुठे पळतंय ते आपोआप बसतं.

मुलुखगिरी

थोडं अवांतर, पण अगदीच नाही. १९३७ चं युद्ध म्हटलं की मला आपल्या सोलापूरचे डॉ. द्वारकानाथ कोटणीस आठवतात. १९३८ मध्ये काँग्रेसने पाच डॉक्टरांचं पथक चीनला धाडलं, त्यात कोटणीस आणि नागपूरचे डॉ. चोळकर असे दोघे आपल्याकडचे. बाकीचे पुढे परतले, कोटणीस कम्युनिस्टांच्या आठव्या मार्ग सेनेबरोबर राहिले, तिथेच ग्वो छिंगलान या नर्सशी लग्न केलं, मुलगा झाला, आणि १९४२ च्या डिसेंबरात वयाच्या ३२ व्या वर्षी तिथेच गेले. ते ज्या हपै प्रांतात काम करत होते तो पेकिंगच्या नैऋत्येचाच डोंगराळ मुलूख. म्हणजे कादंबरीत लूलिंग अनाथाश्रमात पोरांना सांभाळत असते आणि डोंगरात कम्युनिस्ट आणि जपानी यांची लपाछपी चाललेली असते ना, त्याच लढाईच्या एका टोकाला एक सोलापूरकर जखमींवर शस्त्रक्रिया करत होता.

हे डोक्यात आलं आणि काय जिंगच्या मरणाचा भाग मला एकदम वेगळा लागला. कादंबरीत तो भूवैज्ञानिक, लूलिंगचा नवरा, लग्नाला फार दिवस झालेले नसतात, जपानी सैनिक त्याला नि त्याच्या साथीदारांना पकडून कम्युनिस्टांचा ठावठिकाणा विचारतात आणि मारतात. आणि हे रचलेलं वाटलं तरी झोउकोउदियानला खोदकामावर मागे राहिलेल्या माणसांना १९३८ मध्ये जपान्यांनी खरोखर मारलेलं आहे.

ढगफुटी

मुलुखगिरी +१. शाळेत कोटणीसांचा धडा होता आम्हाला, पण नकाशा कोणी दाखवला नव्हता.

चहाबाज

हा धागा कोटणीसांवर गेला की काश्मीर व्हायला किती वेळ लागेल? पॉपकॉर्न घेऊन बसतो.

कापूसकोंडी

नाही होऊ देणार, परत गाडी रुळावर आणते.

आता मी माझा मुख्य मुद्दा मांडते, जो मला कट्ट्यावर नीट सांगताच आला नाही कारण तिथे सगळ्या एकदम बोलतात. मोठा स्पॉयलर, ज्यांचं अर्धं झालंय त्यांनी उडी मारा.

प्रेशस आंटी ही दाई नसून लूलिंगची खरी आई आहे, हे आपल्याला मध्यात कळतं. पण लूलिंगला कसं कळतं? प्रेशस आंटी बोलू शकत नाही, म्हणून ती सगळं लिहून काढते आणि ते कागद पोरीच्या हातात देते. चांगच्या घरात का जाऊ नकोस, चांगने काय केलंय, आणि शेवटी, मी तुझी कोण. लूलिंग थोडं वाचते, तिला राग येतो, कंटाळा येतो, शेवटची पानं वाचतच नाही. आणि वाचलं म्हणून खोटं सांगते, वर म्हणते की तरी मी त्याच घरात जाणार. दाईला वाटतं पोरीला सगळं कळलंय आणि कळूनही ती असं म्हणतेय. त्या रात्री ती जीव देते.

आता रूथकडे या. आई तिला आपल्या हकिकतीची सुरुवातीची पानं देते. रूथ एक एक अक्षर लावत थोडं वाचते, दमते, आणि नंतर करू म्हणून ड्रॉवरमध्ये टाकते. वर्षं जातात. बाहेर काढते तेव्हा आई विसरायला लागलेली.

म्हणजे दोन पिढ्या, दोन आया, दोघींनी मुलीला कागद दिले, दोघी मुलींनी ते वाचले नाहीत. लूलिंगला त्याची किंमत तिच्या आईच्या जिवाने मोजावी लागली आणि रूथला अजून थोडी मुदत आहे, आई समोर बसलेली आहे, अधूनमधून शुद्धीत असते. पहिल्या भागातली ती ड्रॉवरमधली पानं वाचताना आपल्याला पण रटाळ वाटतात, होय ना? तेच तर! रूथचा भाग उडवून थेट चीनला जाणारा वाचक म्हणजे नेमका लूलिंग आहे. आपल्याला हवं तेवढं वाचलं आणि उरलेलं राहू दिलं.

आणि म्हणूनच बाईंनी एक प्रकरण आजचं एक कालचं अशी वेणी घातलेली नाही. तसं केलं असतं तर दर वीस पानांनी आपल्याला चीनची गोळी मिळत राहिली असती. इथे आधी रूथबरोबर कंटाळायचं, मग बाड एका दमात, मध्ये कुठेही अमेरिका नाही, आणि मग परत त्याच घरात यायचं पण आता तीच आई वेगळी दिसायला लागलेली.

रानमोगरा

कापूसकोंडी ताई __/\__

माझ्या आत्याचं असंच झालं होतं, ती शेवटी शेवटी सारखी कुठल्यातरी 'धाकटीला' हाका मारायची. आम्ही सगळे होला हो करायचो. नंतर गावाकडच्या एका चुलत आजोबांनी सांगितलं की तिची एक बहीण लहानपणी देवीच्या साथीत गेलेली, घरात कोणी नावच काढायचं नाही. डॉक्टरच्या खोलीतला तो प्रसंग मला म्हणूनच लागला असणार.

दौत_टाक

शाईचा विषय निघाला नाही म्हणून येतो. लिऊ घराण्याचा शाईचा धंदा म्हणजे पातळ शाई नव्हे, कांड्या. पाइनचं लाकूड जाळून काजळी धरायची, ती प्राण्यांच्या सरसात मळायची, साच्यात दाबायची आणि सावकाश सुकवायची. घाईने वाळवली की तडकते. लिहिणाऱ्याने मग दगडावर पाणी घालून ती कांडी घासायची, हवी तेवढीच शाई तयार. कादंबरीत घरातल्या बायकाच हे काम करतात आणि प्रेशस आंटीचं तोंड जळतं ते या धंद्यातल्याच उकळत्या शाईने. तीच बाई पुढे आयुष्यभर लिहूनच बोलणार. मला वाटतं सगळ्या पुस्तकात याहून कडक योजना नाही.

आणि कापूसकोंडींच्या मुद्द्याला धरून: आमच्या घरी पणजोबांच्या मोडीतल्या वह्या आहेत, गाठोड्यात. आजोबांना वाचता यायच्या, वडिलांना थोडंथोडं, मला शून्य. लोकांना वाटतं मोडी म्हणजे फक्त पेशवे दप्तर. नाही हो, किराणा, उसनवारी, बारशाचा खर्च, भांडणं, सगळं मोडीत आहे घराघरांत. मिस्टर टँगसारखा माणूस शोधतोय.

सनीवेलकर

दौत_टाक, आमच्याकडे मोडीपर्यंत जायलाच नको, माझ्या मुलीला देवनागरीच जेमतेम येते. आई तिला मराठीत पत्र लिहिते, मुलगी गूगल लेन्स लावते, आणि 'चि. सौ. कां.' चं ते लेन्स काय करतं विचारू नका.

पिंपळपार

दौत_टाक, मोडीचे वर्ग महाराष्ट्रात बऱ्याच ठिकाणी चालतात, पुरालेख संचालनालयही घेतं. इतिहास संशोधक मंडळात चौकशी केलीत तर पैसे घेऊन वाचून देणारी माणसं पण मिळतील. आधी सगळ्या पानांचे फोटो काढून ठेवा, गाठोडं उघडबंद करून कागदाचा भुगा होतो.

घाटावरची_सून

हे झालं की पुढे काय वाचू? असंच, घराणं, दोन काळ, चीन. जड नको.

पिंपळपार

जड नको म्हणालात आणि माझ्या मनात नेमकं जड आलं. मॅडलिन टीनचं 'डू नॉट से वी हॅव नथिंग', २०१६ चं, बुकरच्या अंतिम यादीत होतं. व्हँकुव्हरमधली मुलगी आणि तिकडे शांघायच्या संगीत विद्यालयातले तीन वादक-संगीतकार, सांस्कृतिक क्रांतीत पाश्चात्य संगीत गुन्हा ठरतं तेव्हा त्यांचं काय होतं, आणि पुढे १९८९ चा तिआनानमेन चौक. त्यात पण एक हस्तलिखित आहे, लोक ते हाताने उतरवून पुढे देत राहतात. पण त्यात काळ सतत उलटापालटा होतो, घराणं पेन्सिलीने काढल्याशिवाय एक पान पुढे जाता येत नाही.

मुलुखगिरी

हलकं नाही पण मजेदार हवं असेल तर अमिताव घोषचं 'रिव्हर ऑफ स्मोक'. दोन काळ अगदी या अर्थाने नाहीत, पण मुंबईचा बहराम मोदी हा पारशी व्यापारी अफूचं जहाज घेऊन चीनच्या कँटन बंदरात जातो आणि तिथे १८३९ मध्ये बादशहाचा अधिकारी लिन झेशू याने परदेशी व्यापाऱ्यांची सगळी अफू जप्त केलेली, वीस हजारांवर पेट्या. मुंबईतल्या कितीतरी जुन्या दानधर्माच्या इमारतींत चीनच्या व्यापाराचा पैसा आहे, हे वाचल्यावर फोर्टातून चालताना पाट्या वेगळ्या दिसतात. जेवणाची वर्णनं वाचताना जवळ काहीतरी खायला ठेवा.

खडूस_आजोबा

घोष चालेल. त्यात भुतं नाहीत.

चहाबाज

बरं, अपडेट. मी परत सुरुवातीपासून ओळीने घेतलंय, कापूसकोंडींनी मला जाहीरपणे लूलिंग म्हटल्यावर पर्यायच नव्हता. आता शेवटच्या भागात आहे. एक माणूस मात्र कोणीच कसं बोललं नाही तुमच्यात? गाओलिंग, लूलिंगची बहीण म्हणून वाढलेली! चांगच्या अफूबाज पोराशी, फू नानशी, लग्न लूलिंगऐवजी हिच्या गळ्यात पडतं, अमेरिकेला आधी पोचते ही, पुढे दोघी सख्ख्या भावांशी लग्न करतात, लूलिंगचा नवरा अपघातात जातो तरी ही शेवटपर्यंत जवळ. आणि लूलिंग जन्मभर हिच्यावर जळत राहते, हिचं घर मोठं, हिचा नवरा जिवंत. खरी बहीण नाहीये हे दोघींना माहिती, पण रूथला हे गुपित तिने किती वर्षं सांगितलं नाही. १९१६ चा खुलासाही शेवटी तिच्याकडूनच होतो. माझ्या मते या पुस्तकात सगळ्यात कमी लेखलेलं माणूस तेच आहे, आणि ती फक्त चीनचा भाग वाचून कळत नाही, हेही कबूल.

कापूसकोंडी

अरे वा!! हे आमच्या कट्ट्यावर कोणीच काढलं नाही. शुक्रवारी तुमच्या नावाने मांडते.

चहाबाज

मांडा. फक्त त्या आर्टचं कौतुक करायला लावू नका. शेवटी सुधारला तरी तो माणूस मला आवडलेला नाही.